मूकपटाचे हसू आणि रंगभूमीचे ऋण

मूकपटातील विनोदाचा विषय निघाला की सामान्यतः असे सांगितले जाते की, त्या काळी पडद्याला वाणी नव्हती, म्हणून नटांना हातवारे, धडपड आणि पळापळ यांवर भागवावे लागले. पुढे बोलपट आला आणि विनोदाला शब्द मिळाले. ही समजूत सहज पटण्यासारखी असली तरी इतिहासाच्या कसोटीवर टिकत नाही. चार्ली चॅप्लिन, बस्टर कीटन, स्टॅन लॉरेल ही मंडळी कॅमेऱ्यासमोर उभी राहण्यापूर्वीच निःशब्द विनोदात मुरलेली होती. त्यांची तालीम जिवंत प्रेक्षकांसमोर, रंगमंचावर झाली होती. आणि युरोपातील रंगमंचावर हा विनोद मुका राहण्यास कलेइतकाच कायदाही कारणीभूत होता. ही हकीकत थोडक्यात सांगून, आपल्याकडील मूकपटाचे रंगभूमीशी कोणते नाते होते आणि आपल्या संगीत नाटकातील विनोद मूकपटात का उतरू शकला नाही, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

प्रारंभ इंग्लंडपासून करावा लागतो. १७३७ साली तेथे नाटकांच्या परवान्यासंबंधी जो कायदा झाला, त्यान्वये लंडनमध्ये संवादयुक्त नाटक करण्याचा अधिकार प्रामुख्याने ड्रुरी लेन आणि कोव्हेंट गार्डन या दोन राजमान्य नाट्यगृहांपुरता उरला. नाटकाची संहिता आधी सरकारी अधिकाऱ्याकडून मंजूर करून घेणेही आवश्यक झाले. उरलेल्या नाट्यगृहांनी काय करावे? त्यांनी संवाद सोडले आणि संगीत, नृत्य, कसरत व मूकाभिनय यांचा आश्रय घेतला. जो शब्द उच्चारलाच गेला नाही तो तपासणार कोण? अशा वातावरणात वाढलेल्या मूकाभिनयाच्या परंपरेतूनच जोसेफ ग्रिमाल्डी (१७७८–१८३७) हा थोर विदूषक पुढे आला. इंग्रजी सर्कशीतील विदूषकांना पुढे कित्येक वर्षे 'जोई' म्हणत, ते याच्याच नावावरून.

फ्रान्समध्येही असेच घडले. पॅरिसच्या 'फ्युनांब्युल' या लहानशा नाट्यगृहाला दोरीवरील कसरती आणि मूकाभिनय एवढ्याचीच परवानगी होती. तेथे झाँ-गास्पार देब्युरो (१७९६–१८४६) या नटाने पांढऱ्या चेहऱ्याचा, एकही शब्द न बोलणारा 'पिएरो' असा काही उभा केला की, गरीब कामकऱ्यांच्या शेजारी पॅरिसमधील नामांकित लेखकही त्याला पाहावयास येऊन बसू लागले. बोलण्यावरील बंदी ही शिक्षा होती. परंतु देब्युरोने त्या शिक्षेचीच विद्या केली. मार्सेल कार्ने यांचा १९४५ सालचा प्रसिद्ध फ्रेंच बोलपट याच देब्युरोच्या आणि याच नाट्यगृहाच्या कथेवर आधारलेला आहे.

१८४३ साली इंग्लंडात नवा नाट्यकायदा आला आणि राजमान्य नाट्यगृहांची मक्तेदारी संपली. मात्र त्यातही एक मेख होतीच. ज्या नाट्यगृहाला नाटकाचा परवाना हवा त्याला प्रेक्षागारात मद्यपान आणि धूम्रपान चालू देता येत नसे. आणि जेथे प्रेक्षक पेला हाती घेऊन बसत, त्या जागेत रीतसर नाटक करता येत नसे. या दुसऱ्या प्रकारच्या जागांतून 'म्युझिक हॉल' नावाची संस्था वाढली. एका रात्रीत गायक, जादूगार, डोंबारी, शिकविलेली कुत्री, नकलाकार असे एकामागून एक येत आणि आपापली पंधरा-वीस मिनिटे रंगवून जात. या प्रेक्षकांना गोष्टही हवी असे. पण संवादांची गोष्ट म्हणजे नाटक, आणि नाटक म्हणजे खटला. अशा कोंडीत फ्रेड कार्नो या गृहस्थाने आपला जम बसविला.

कार्नोचे खरे नाव फ्रेडरिक वेस्टकॉट. १८६६ साली एक्सेटर येथे त्याचा जन्म झाला. तो मूळचा कसरतपटू. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस त्याने छोट्या विनोदी नाटुकल्यांच्या मंडळ्या उभ्या केल्या. त्यांतील सुरुवातीची नाटुकली निःशब्द होती. लंडनच्या कँबरवेल भागात त्याने आपले ठाणे मांडले आणि त्याला 'विनोदाचा कारखाना' असे नाव दिले. तेथे पडदे रंगविले जात, सामान बनत असे, तालमी होत आणि एकाच वेळी अनेक संच गावोगावी रवाना होत. हा कारखाना खरोखरच शिस्तीचा होता. पाय घसरला तर किती पावलांवर तोल जावा, हातातील पाण्याचा पेला कोणत्या क्षणी सांडावा, मार खाल्ल्यावर किती वेळ स्तब्ध राहावे, हे सारे ताल मोजून बसविले जात असे. नुसत्या आपटाआपटीवर कार्नो संतुष्ट नसे. हसे ऐन भरात आले असताना नटाच्या मुद्रेवर किंचित उदासीची छटा यावी, असा त्याचा आग्रह असे, हे स्टॅन लॉरेलने पुढे आवर्जून सांगितले आहे. चॅप्लिनच्या भटक्याचे चित्र ज्यांच्या डोळ्यांसमोर आहे त्यांना या आग्रहाचे महत्त्व निराळे सांगावयास नको.

कार्नोचे सर्वांत गाजलेले नाटुकले म्हणजे १९०४ सालचे 'ममिंग बर्ड्‌स'. रंगमंचावरच दुसरा छोटा रंगमंच. त्याच्या दोन्ही बाजूंना प्रेक्षकांचे सज्जे. एका सज्ज्यात झिंगलेला श्रीमंत गृहस्थ, तर समोरच्या सज्ज्यात एक द्वाड पोरगा. आतील रंगमंचावर एकाहून एक रद्दी कार्यक्रम सादर होत आणि हे दोघे त्यांची दाणादाण उडवीत. झिंगलेला गृहस्थ सज्ज्यातून पडे, पुन्हा चढे, जादूगाराच्या अंगावर जाई, शेवटी पहिलवानाशी झोंबे. पण बोलत नसे. हे सर्व पाहून हसणारे खरे प्रेक्षक एका अर्थी स्वतःलाच हसत होते.

या नाटुकल्यामुळे एक विलक्षण खटलाही उभा राहिला. फ्रान्सच्या पाथे कंपनीने याच कल्पनेवर एक छोटी फिल्म काढून इंग्लंडात विकली. कार्नोने कंपनीवर दावा लावला. न्यायालयाने तो मान्य केला नाही आणि १९०९ साली अपिलातही कार्नो हरला. फिल्म बनवून विकणारा स्वतः नाटकाचा प्रयोग करीत नाही, असे त्या निर्णयाचे सार होते. शब्द नसल्यामुळे ज्या विनोदाला सरकारी तपासनिसाची भीती नव्हती, त्यालाच आता चोरापासून संरक्षण मिळेना! १९११ च्या कॉपीराइट कायद्याने ही उणीव पुष्कळशी भरून काढली. लेखनाने वा अन्य रीतीने ज्याची मांडणी निश्चित केली आहे असा मूकाभिनयही नाट्यकृती ठरला, आणि चित्रपटालाही त्या व्याख्येत स्थान मिळाले. हाच कायदा काही फेरफारांसह १९१४ मध्ये हिंदुस्थानात लागू झाला.

चॅप्लिनचे आईवडील दोघेही म्युझिक हॉलमधील गायक होते. १९०८ साली, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, तो कार्नोच्या मंडळीत दाखल झाला आणि 'ममिंग बर्ड्‌स'मधील झिंगलेला गृहस्थ ही त्याची हुकमी भूमिका ठरली. १९१० मध्ये कार्नोचा संच अमेरिकेच्या दौऱ्यावर निघाला. त्यात चॅप्लिन होता आणि गरज पडल्यास त्याची जागा घेण्यासाठी स्टॅन लॉरेलही होता. १९१३ च्या दुसऱ्या दौऱ्यात असताना चॅप्लिनला मॅक सेनेट यांच्या कीस्टोन कंपनीने आठवड्याला दीडशे डॉलरवर करारबद्ध केले. भटक्याच्या वेषात तो पहिल्यांदा कॅमेऱ्यासमोर उभा राहिला त्या १९१४ सालच्या चित्रपटात एका हॉटेलच्या दालनात तो झिंगून धडपडताना दिसतो. कोट, टोपी आणि छडी नवी होती. झिंग मात्र कार्नोच्या नाटुकल्यातून जशीच्या तशी आलेली होती. पुढल्याच वर्षी त्याने 'अ नाइट इन द शो' या मूकपटात 'ममिंग बर्ड्‌स' जवळजवळ संपूर्ण पडद्यावर आणले आणि सज्ज्यातील श्रीमंत व माडीवरील दरिद्री, असे दोन्ही झिंगलेले प्रेक्षक स्वतःच रंगविले.

अमेरिकेत म्युझिक हॉलला समांतर अशी 'व्हॉडव्हिल' नावाची प्रथा होती. कीटन जन्मला (१८९५) तोच या प्रथेच्या वाटेवर. त्याचे आईबाप गावोगाव खेळ करीत आणि चालता येऊ लागल्यापासून तोही त्यांच्या खेळात असे. ऐकत नाही म्हणून बाप त्याला पडद्यावर, वाद्यवृंदात, कधी प्रेक्षकांतही फेकून देई. फेकणे सोयीचे व्हावे म्हणून त्याच्या कोटाच्या पाठीवर पेटीची मूठ शिवलेली असे. बालकांच्या संरक्षणासाठी झटणाऱ्या संस्थेने या खेळावर वारंवार हरकत घेतली, ती समजण्यासारखीच होती. या खेळात कीटन दोन गोष्टी शिकला. पहिली, इजा न होता पडणे. दुसरी, पडल्यावर न हसणे. कारण आपण हसलो तर प्रेक्षक कमी हसतात, हे त्याच्या बालपणीच ध्यानात आले होते. पुढे जगप्रसिद्ध झालेली त्याची निर्विकार मुद्रा ही अशी अनुभवातून घडलेली होती.

१९१७ साली चित्रपटांत आलेल्या कीटनने १९२१ मध्ये 'द प्लेहाउस' या लघुपटात आपल्या या माहेराला मानाचा मुजरा केला. त्यातील नाट्यगृहात वादक तोच, नर्तक तोच, सज्ज्यातील म्हातारे जोडपे तोच आणि द्वाड पोरगाही तोच. एका दृश्यात एका रांगेत नऊ कीटन बसलेले दिसतात. त्यासाठी भिंगाचा एकेक भाग झाकून, तीच फिल्म पुन्हापुन्हा मागे फिरवून, नऊ वेळा चित्रण करावे लागले. कॅमेऱ्याची मूठ हाताने फिरविण्याचा तो काळ. हाताची गती किंचितही चुकली असती तर सारे श्रम वाया गेले असते.

कॅमेऱ्याने काहीच बदलले नाही, असे मात्र म्हणता येणार नाही. रंगमंचावरील नट प्रेक्षकांचे हसू ऐकतो, ते ओसरेपर्यंत थांबतो आणि पुढची चाल करतो; स्टुडिओत ते हसू नसते. ते अदमासाने धरून चालावे लागते आणि तो अदमास हजारो प्रयोग केलेल्या नटालाच साधतो. दुसरे असे की, मोठ्या नाट्यगृहात शेवटच्या रांगेला दिसावे म्हणून प्रत्येक हावभाव ठळक करावा लागे. कॅमेरा जवळ आल्यावर भुवईची हालचालही पुरेशी झाली. कीस्टोनमधील पळापळीच्या वेगात आपला बारकावा हरवतो, अशी चॅप्लिनची तक्रार असे. पुढे स्वातंत्र्य मिळाल्यावर त्याने तो वेग कमी केला आणि कार्नोच्या शाळेतील ते स्तब्ध क्षण परत आणले.

आता आपल्याकडे वळू. मुंबईत ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या चित्रांचा पहिला खेळ झाला. त्याच वर्षी लंडन आणि न्यूयॉर्क येथे ही चलच्चित्रे म्युझिक हॉलच्या कार्यक्रमपत्रिकेत जादूगार व डोंबारी यांच्यामधील एक 'नंबर' म्हणून दाखविली जात होती. आपल्याकडेही चित्रपट आणि जिवंत खेळ यांची संगत बराच काळ टिकली. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' झळकला, तेव्हाच्या जाहिरातीत चित्रपटाच्या जोडीला मिस आयरीन डेलमार यांचे नृत्य, मॅक्लेमेंट्स यांचे विनोदी नाटुकले, पायांनी वस्तू झेलणारा अलेक्झांड्रॉफ आणि काही विनोदी चित्रफिती यांचीही नावे होती. हरिश्चंद्राच्या सत्त्वपरीक्षेइतक्याच गंभीर विषयाला म्युझिक हॉलच्या विनोदाची सोबत होती, हे आज वाचून नवल वाटते; त्या प्रेक्षकांना मात्र त्यात वावगे वाटले नसावे.

खुद्द फाळके यांचेही रंगमंचाशी नाते होते. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेनंतर ते आपल्या बडोद्याच्या कलाभवनात शिकले, ही गोष्ट येथील वाचकांना अभिमानाची आहे. छायाचित्रणाइतकाच त्यांना जादूचा नाद होता. आपले आडनाव उलटे करून 'प्रोफेसर केल्फा' या नावाने ते जादूचे प्रयोग करीत. फ्रान्समधील जॉर्ज मेलिए हाही मूळचा जादूगारच. त्याने १८८८ साली पॅरिसमधील जादूच्या खेळांचे एक नाट्यगृह विकत घेतले होते आणि रंगमंचावरील हातचलाखीच पुढे त्याने पडद्यावर नेली. एकमेकांपासून हजारो मैल दूर असलेल्या या दोघांना चित्रपटाकडे नेणारी वाट एकच होती, हे लक्षात घेण्यासारखे आहे.

'राजा हरिश्चंद्रा'त नायकाचे काम दत्तात्रय दाबके यांनी केले, तर स्त्रिया मिळेनात म्हणून तारामतीची भूमिका अण्णा साळुंके यांच्याकडे गेली. स्त्रीभूमिका पुरुषाने करावी यात नाटकाच्या प्रेक्षकाला काहीच नवे नव्हते. त्यानंतरच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये मात्र दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई या फिरत्या नाटकमंडळीतील स्त्रिया पडद्यावर आल्या. या चित्रपटाबरोबर फाळके यांनी 'पिठाचे पंजे' हा छोटा प्रहसनवजा मूकपट दाखविला. पौराणिक नाटकानंतर फार्स करण्याची जी जुनी चाल मराठी रंगभूमीवर होती, तिचेच हे पडद्यावरील रूप म्हणता येईल.

तरीही एक प्रश्न उरतो. मराठी रंगभूमी त्या काळी ऐन वैभवात होती आणि विनोदाची तिच्याकडे वाण नव्हती. मग मूकपटाला तिच्याकडून एखादा चॅप्लिन का मिळाला नाही? माझ्या मते याचे उत्तर विनोदाच्या जातीत आहे. १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांचे 'शाकुंतल' आले तेव्हापासून आपले नाटक कानांचे झाले. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर आणि राम गणेश गडकरी यांचा विनोद कोटी, अतिशयोक्ती आणि वाक्याची कलाटणी यांवर उभा आहे. कार्नोचा झिंगलेला गृहस्थ आणि १९१९ साली रंगभूमीवर आलेल्या 'एकच प्याला'तील तळीराम यांची तुलना करून पाहावी. दोघेही मद्यपी आणि दोघेही प्रेक्षकांचे लाडके. परंतु पहिल्याला बोलावयास लावले तर त्याची मौज जाईल, आणि तळीरामाची वाचा काढून घेतली तर त्याचे आर्य मदिरा मंडळ एका क्षणात बरखास्त होईल. नाटकाच्या शब्दांवर सरकारचा डोळा आपल्याकडेही होता. १८७६ चा नाट्यप्रयोगविषयक कायदा होताच आणि १९१० साली खाडिलकरांच्या 'कीचकवधा'वर बंदीही आली. पण आपल्या नाटककारांनी शब्द सोडला नाही; त्यांनी तो पुराणकथेच्या आवरणात गुंडाळला. इंग्लंडातील विनोदी नट देहाकडे वळला, आपला नाटककार रूपकाकडे.

म्हणून आपल्या मूकपटातील विनोद शोधावयाचा तो संगीत नाटकात नव्हे. त्याची मुळे कीर्तनातील काल्यात, दशावतारात आणि तमाशाच्या गौळणीत आहेत. तमाशात कृष्ण, पेंद्या आणि मावशी यांची जी झोंबाझोंबी चालते तिच्यात शब्द जितका आहे तितकाच देहही आहे. फाळके यांच्या १९१९ सालच्या 'कालिया मर्दन'मध्ये हा देहाचा विनोद दिसतो. बाळकृष्णाचे काम त्यांची कन्या मंदाकिनी हिने केले. चित्रपटाच्या आरंभीच तिचा चेहरा जवळून दाखविला असून, एकामागून एक भाव त्यावर उमटताना दिसतात. पुढे कृष्णाच्या खोड्या येतात. लोणी चोरले जाते, आणि रात्री झोपलेल्या व्यापाऱ्याच्या दाढीची व त्याच्या बायकोच्या केसांची गाठ मारली जाते. ही खोडी समजण्यास शब्द लागत नाही. गोकुळाष्टमीचा काला पाहिलेल्या प्रेक्षकाला ती पाहून आपल्या गावच्या देवळाची आठवण झाली असेल.

येथे ग्रंथालयाच्या दृष्टीने एक मुद्दा मांडावासा वाटतो. गडकऱ्यांचा विनोद आपल्या कपाटात आहे. नाटक बंद पडले तरी पुस्तक उरते आणि शंभर वर्षांनी कोणी सभासद ते घरी नेऊन हसू शकतो. कार्नोच्या किंवा आपल्या सोंगाड्याच्या विनोदाला अशी सोय नाही. नट थकला की तो विनोद संपतो. 'ममिंग बर्ड्‌स' पाहणारे सारे प्रेक्षक काळाआड गेले. पण चॅप्लिनने त्याचा मूकपट केल्यामुळे सज्ज्यातील ती धडपड आजही पाहता येते. ज्या फिल्मवर कार्नोच्या धंद्याला गिळंकृत केल्याचा आरोप झाला, तीच अखेर त्याच्या कलेचे पुस्तक ठरली.

आपण मात्र ते पुस्तक नीट जपले नाही. १९१३ पासून बोलपट स्थिरावेपर्यंत हिंदुस्थानात १,३०० च्या आसपास मूकपट निघाले. त्यांतील काही डझनच आज अंशतः वा पूर्णतः उपलब्ध आहेत. 'राजा हरिश्चंद्रा'ची जेमतेम दोन रिळे उरली असून तीही पुन्हा केलेल्या आवृत्तीची असावीत, असे काही अभ्यासकांचे मत आहे. 'पिठाचे पंजे' तर कायमचे गेले. जे वाचले ते १९६४ साली पुण्यात स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयामुळे आणि त्यातील पी. के. नायर यांच्या चिकाटीमुळे. 'कालिया मर्दन'मधील मंदाकिनीचे हसू आज आपण पाहू शकतो, ते अशाच जतनाचे फळ आहे.

शतकभर पुस्तके सांभाळणाऱ्या संस्थेला जतनाचे मोल कोणी नव्याने सांगण्याची आवश्यकता नाही. परंतु ग्रंथालयाच्या कपाटांत बोलका विनोद सुरक्षित असताना मुका विनोद मात्र आपल्या डोळ्यांदेखत नाहीसा झाला, याची खंत या निमित्ताने नोंदविणे उचित ठरेल. अनेक सभासदांच्या घरी जुन्या नाटकमंडळ्यांच्या जाहिराती, छायाचित्रे, हस्तपत्रके आणि तालमीच्या वह्या अद्याप असतील. कोणत्या प्रवेशात नट कोठे उभा राहिला, कोठे पडला आणि लोक केव्हा हसले, याच्या आठवणी वडीलधाऱ्यांकडून ऐकलेल्याही असतील. दुसऱ्या शतकात पदार्पण करताना ग्रंथालयाने पुस्तकांच्या शेजारी या कागदांसाठी आणि आठवणींसाठी एक कपाट राखून ठेवावे. त्यातील एखाद्या मळक्या हस्तपत्रकामुळेही हरवलेले हसू पुन्हा ऐकू येऊ शकते.